आधी कुऱ्हाड, मग जमीन: नोलाच्या पॉलिनसची निवृत्ती

प्रश्न थोडक्यात असा आहे: रोमन साम्राज्याच्या उतरत्या काळात इटलीतल्या एका प्रांताचा राज्यपाल ख्रिस्ती झाला, त्याने पद सोडलं, संपत्ती वाटून टाकली आणि एका संताच्या थडग्यापाशी जाऊन राहिला, असं वाचनात आलं. ख्रिस्ती झाल्यामुळे त्याला पद सोडावं लागलं का? संपत्ती त्याने खरोखर वाटली का? आणि बायकोचं काय झालं?

हा माणूस म्हणजे मेरोपियस पोंटियस पॉलिनस, ज्याला जग नोलाचा पॉलिनस म्हणून ओळखतं. त्याची लॅटिन पत्रं आणि कविता मी गेली पंचवीसेक वर्षं विद्यार्थ्यांबरोबर वाचत आले आहे, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर आधी देते. त्याने राजीनामा दिलाच नाही. तो कॅम्पेनियाचा, म्हणजे नेपल्सभोवतालच्या प्रांताचा, राज्यपाल होता 381 च्या सुमारास. बाप्तिस्मा झाला तो 389 च्या आसपास, बोर्डोचा बिशप डेल्फिनस याच्या हातून. मध्ये सात-आठ वर्षं गेली. वर्गात मी हा माणूस शिकवायला घेते तेव्हा मुलांना पहिल्या दिवशी फक्त सनावळी लिहायला लावते. दर वर्षी निम्मी मुलं बाप्तिस्मा आधी लिहितात आणि पद सोडणं नंतर, कारण गोष्ट अशीच घडली असणार असं आपल्या मनात पक्कं बसलेलं असतं. प्रत्यक्षात क्रम उलटा आहे, आणि तो उलटा का आहे हे समजलं की पॉलिनस निम्मा समजला.

रोमन सरदार घराण्यातल्या माणसासाठी प्रांताचं राज्यपालपद ही आयुष्यभराची नोकरी नव्हती. वर्षभर, फार तर थोडं जास्त, पद सांभाळायचं आणि परत आपल्या जमिनीवर यायचं. मग पुढचं पद मिळेपर्यंत, किंवा मिळालं नाही तरी, वाडा, बाग, शिकार, पत्रव्यवहार आणि कविता. या मोकळ्या काळाला लॅटिनमध्ये ओटियम म्हणत, आणि त्यात काही कमीपणा नव्हता. उलट प्रतिष्ठा होती. तेव्हा पॉलिनस तिशीच्या आत पदावरून मोकळा झाला यात कुणालाच काही वावगं वाटलं नाही. कार्यकाळ संपला, तो घरी गेला. निवृत्ती त्याला अशी आयतीच मिळालेली होती. त्याने पुढे जे सोडलं ते त्या निवृत्तीतलं सुख, तिच्यामागची जमीन आणि घराण्याचं नाव. लोक हादरले ते यामुळे.

त्याचा जन्म 353 किंवा 354 चा, बोर्डोचा, म्हणजे आजच्या नैऋत्य फ्रान्समधला. घराणं गर्भश्रीमंत. जमिनी गॉलमध्ये, म्हणजे ढोबळमानाने आजच्या फ्रान्समध्ये, कॅम्पेनियातही काही. गुरू ऑसोनियस, त्या काळचा नावाजलेला कवी आणि अलंकारशास्त्राचा शिक्षक, जो पुढे राजपुत्र ग्रेशियनचा गुरू झाला. ग्रेशियन सम्राट झाल्यावर ऑसोनियसच्या घरात पदांची रीघ लागली, आणि तो स्वतः 379 मध्ये कॉन्सल झाला, म्हणजे रोममधल्या सर्वांत मानाच्या पदावर पोचला. पॉलिनसला त्याआधीच दुय्यम कॉन्सलपद मिळालं होतं. म्हणजे वयाने चाळीसेक वर्षांनी लहान असलेला शिष्य या बाबतीत गुरूच्या पुढे होता, आणि ऑसोनियस ते कौतुकाने सांगतो.

आता ‘राज्यपाल’ या शब्दाबद्दल. मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे राजभवन येतं, उद्घाटनं येतात. तसं नव्हतं. जिल्हाधिकारी आणि सत्र न्यायाधीश या दोघांना एकाच खुर्चीत बसवलं तर जे होईल ते काम या माणसाचं. कर वसूल होतो की नाही ते बघायचं, रस्ते आणि सार्वजनिक बांधकामांवर देखरेख करायची, आणि मुख्य म्हणजे फौजदारी खटले चालवायचे. त्या काळच्या फौजदारी चौकशीत छळ हा कायदेशीर भाग होता. साक्षीदार गुलाम असेल तर हमखास. शिक्षा मृत्यूची असेल तर हुकूम राज्यपालाच्या तोंडून निघायचा. त्याच्यापुढे चालणाऱ्या सेवकांच्या खांद्यांवर काठ्यांच्या मोळ्या असत आणि त्यांच्या जोडीला कुऱ्हाड. पॉलिनसच्या दर्जाच्या राज्यपालाला अशा सहा मोळ्यांचा मान होता.

हे आकडे त्याने स्वतःच लिहून ठेवले आहेत. पदावरून उतरल्यानंतर पंचविसेक वर्षांनी, 407 मध्ये लिहिलेल्या एका दीर्घ कवितेत तो त्या दिवसांकडे वळून बघतो. ओळीचा आशय असा: दोनदा तीन मोळ्यांचा भार उतरवला आणि कुणाच्याही वधाने न डागाळलेली कुऱ्हाड खाली ठेवली. या ओळीत त्याला केलेली बांधकामं आठवत नाहीत, वसूल केलेले कर आठवत नाहीत. आठवतं ते इतकंच की कारकिर्दीत आपल्या हुकमाने कुणाचं डोकं उडालं नाही, आणि त्याचं श्रेयही तो स्वतःकडे न घेता संत फेलिक्सला देतो, ज्याच्या थडग्यापाशी तो पुढे जाऊन राहिला त्या संताला. ही ओळ वर्गात आली की मी थांबते. ‘सेक्युरिस’ म्हणजे कुऱ्हाड, एवढाच शब्द. पण तो आठवतो आहे तो पंचवीस वर्षांनंतर, पाद्री झालेल्या माणसाला.

याच ठिकाणी पद आणि बाप्तिस्मा यांचा उलटा क्रम उलगडतो. चर्चने अधिकाऱ्यांना पद सोडा असं सांगितलं होतं का? सरसकट नाही. चौथ्या शतकाच्या सुरुवातीला स्पेनमध्ये एल्व्हिरा इथे भरलेल्या धर्मसभेने असा नियम केला की नगराचा दंडाधिकारी असलेल्या माणसाने त्या पदाच्या वर्षापुरतं चर्चपासून लांब राहावं. 314 च्या आर्लच्या सभेचा सूर मवाळ होता: राज्यपाल ख्रिस्ती असेल तर तिथल्या बिशपने त्याच्यावर लक्ष ठेवावं, आणि शिस्तीविरुद्ध वागला तरच त्याला बाहेर ठेवावं. मिलानचा बिशप अँब्रोज याला एका न्यायाधीशाने थेट विचारलं होतं की मृत्युदंड देणाऱ्याने पवित्र भोजन घ्यावं की नाही. अँब्रोजचं उत्तर सावध आहे: बंदी नाही, पण काही जण आपणहून दूर राहतात. आणि पुढे तो जोडतो की रक्त न लागलेली कुऱ्हाड प्रांतातून परत आणली याचा अभिमान मिरवणारे मूर्तिपूजक राज्यपालही आपल्याला माहीत आहेत.

म्हणजे पॉलिनसची ती ओळ एका जुन्या रोमन अभिमानाची ओळ आहे, ख्रिस्ती अंगरखा घातलेली.

या अडचणीतून लोकांनी व्यवहारी वाट काढली होती: बाप्तिस्मा लांबवायचा. श्रद्धा असते, घरात प्रार्थना चालते, पण पापं धुऊन काढणारं ते स्नान एकदाच मिळतं, मग हात रक्तात बुडायची शक्यता असलेली पदं आधी उरकून घ्यावीत. सम्राट कॉन्स्टंटाइनने 337 मध्ये मृत्युशय्येवर बाप्तिस्मा घेतला, तो याच रीतीने. म्हणून ‘ख्रिस्ती झाला’ हे वाक्य पॉलिनसच्या बाबतीत जपून वापरायला हवं. तो ख्रिस्ती वातावरणातच वाढला होता. त्याचा गुरू ऑसोनियस स्वतः ख्रिस्ती होता, ईस्टरवर कविता लिहिणारा. बदल झाला तो देव बदलण्याचा नव्हता. जो देव घरात होताच त्याला किती द्यायचं, हा हिशेब बदलला.

तुलनेसाठी अँब्रोजच बघा. तोही राज्यपालच होता, उत्तर इटलीत, मुक्काम मिलानला. 374 मध्ये बिशपच्या निवडीवरून गावात तंटा उभा राहिला, हा शांतता राखायला चर्चमध्ये गेला आणि लोकांनी त्याचंच नाव पुकारलं. तोवर त्याचा बाप्तिस्माही झालेला नव्हता. टाळण्यासाठी त्याने म्हणे मुद्दाम न्यायासनावर बसून आरोपींचा छळ करायला लावला, म्हणजे लोकांना किळस येईल. उपयोग झाला नाही. बाप्तिस्म्यानंतर आठव्या दिवशी तो बिशप झाला. खुर्चीवरून थेट खुर्चीवर. पॉलिनसचं तसं नाही. त्याच्या बाबतीत मधली वर्षं महत्त्वाची आहेत.

त्या वर्षांत काय झालं? 383 मध्ये ग्रेशियन मारला गेला आणि बंडखोर मॅक्सिमसने गॉलचा ताबा घेतला. ज्या दरबाराच्या आधाराने ऑसोनियसचं वर्तुळ वर चढलं होतं तो दरबारच कोसळला. पॉलिनस तोवर परत बोर्डोला आला होता. थेरासिया नावाच्या स्पॅनिश सरदारकन्येशी त्याचं लग्न झालं, तिच्याही मोठ्या जमिनी होत्या. मग त्याच्या भावाचा खून झाला. 407 च्याच कवितेत तो याबद्दल मोजकं बोलतो: भावाच्या रक्तापायी आपल्यावरच संकट आलं, आणि जप्त मालमत्ता विकत घेणारा आपल्या इस्टेटीपर्यंत येऊन ठेपला होता. मान आणि मालमत्ता दोन्ही वाचली ती फेलिक्समुळे, असं तो म्हणतो. बाप्तिस्म्यानंतर नवरा-बायको स्पेनला गेले. तिथे बऱ्याच वर्षांच्या प्रतीक्षेनंतर मुलगा झाला. नाव ठेवलं केल्सस. तो आठ दिवस जगला. कॉम्प्लुटममध्ये, म्हणजे माद्रिदजवळच्या आजच्या अल्काला दे एनारेस इथे, हुतात्म्यांच्या थडग्यांशेजारी त्यांनी त्याला पुरलं.

हे तो कुठे सांगतो ते लक्षात घ्या. स्वतःच्या दुःखाची कविता म्हणून नव्हे. पुढे दुसऱ्या एका जोडप्याचा केल्सस नावाचाच मुलगा दगावला, त्यांचं सांत्वन करायला लिहिलेल्या लांबलचक कवितेच्या शेवटाकडे हे आपलं बाळ येतं, आणि दोन्ही केल्सस तिकडे एकत्र असतील असा तो आधार देतो. त्या ओळी मोठ्याने वाचताना माझा आवाज आजही नीट राहत नाही.

मुलाच्या मृत्यूमुळे त्याने सगळं सोडलं, असं सरळ समीकरण मी मांडणार नाही. पण भावाचा खून, जप्तीची टांगती तलवार आणि वारस नसणं, या तीन गोष्टी एका जमीनदाराच्या आयुष्यात लागोपाठ आल्या की जमिनीकडे बघण्याची त्याची नजर बदलते. इस्टेट कुणासाठी राखायची, हा प्रश्न त्याच्यापुढे अगदी उघडा पडला होता.

स्पेनमध्ये असतानाच गुरूची पत्रं आली. पॉलिनस उत्तरात म्हणतो, चौथा उन्हाळा आला तेव्हा कुठे तुमचा शब्द पोचला, आणि पोचली ती एकदम तीन पत्रं. ऑसोनियस सत्तरीच्या पार गेलेला म्हातारा. त्याला वाटतं शिष्य गप्प बसला आहे, रुसला आहे, किंवा कुणीतरी त्याला गप्प केलं आहे. दोघांनी मिळून ओढलेलं जू तू झटकून टाकतो आहेस, असं तो कळवळून लिहितो. थेरासियाला तो तानाक्विल म्हणतो, म्हणजे रोमच्या पुराणकथेतली नवऱ्याला चालवणारी राणी. आणि एक चिंता तो स्पष्ट बोलून दाखवतो: पॉलिनस घराण्याचं जुनं राज्य शंभर मालकांत फाटून वाटलं जाईल आणि ते बघून आम्हाला रडावं लागेल. ‘राज्य’ हा शब्द त्याचाच आहे. इतकी ती जमीन होती.

पॉलिनसने दिलेली उत्तरं हा लॅटिन पत्रसाहित्याचा ठेवा आहे. काव्यदेवतांना आणि अपोलोला आता या हृदयाचं दार बंद आहे, ते ख्रिस्ताला वाहिलं आहे, असं तो ठामपणे सांगतो. बायकोवरचा शेरा तो परतवून लावतो: माझी तानाक्विल नाही, लुक्रेशिया आहे, म्हणजे रोमच्या कथांतली आदर्श पतिव्रता. पण गुरूला तोडत नाही. शेवटच्या उत्तरात तो लिहितो त्याचा भावार्थ असा: शरीराच्या तुरुंगातून सुटून मी जिथे कुठे असेन तिथेही तुला मनात धरून असेन, कारण मरणानंतर जे उरतं ते मन विसरूही शकत नाही. मला विचाराल तर या माणसाने लिहिलेली ही सर्वांत सुंदर जागा आहे, आणि तिच्यात फेलिक्स नाही, चर्च नाही, नुसता एक शिष्य आहे. ऑसोनियस त्यानंतर फार दिवस जगला नाही.

रोमच्या सरदारांना हे कसं वाटलं ते अँब्रोजच्या एका पत्रात सापडतं. पिआचेन्झाचा बिशप सबिनस याला तो कळवतो: पॉलिनसने स्वतःच्या आणि बायकोच्या जमिनी विकून पैसा गरिबांना द्यायचं ठरवलं आहे. आता बड्या लोकांत काय बोललं जाईल? असं घराणं, असं रक्त, अशी वाणी, आणि हा सिनेट सोडून गेला, वंश खुंटवला, हे सहन होण्यासारखं नाही! पुढे अँब्रोज चिडून लिहितो की इसिस देवीच्या विधीसाठी हेच लोक डोकं आणि भुवया भादरून घेतात, पण एखाद्या ख्रिस्ती माणसाने धर्मासाठी वेश बदलला तर यांना तो अपमान वाटतो. यात पदाचा कुठे उल्लेख आहे का बघा. नाही. तक्रार आहे ती जमिनीची, वंशाची आणि कपड्यांची.

आता बायकोचा प्रश्न. मराठीत पॉलिनसबद्दल लिहिताना ‘संन्यास घेतला’ असं लिहायचा मोह होतो, काही जण ‘वानप्रस्थ’ म्हणतात. मी दोन्ही शब्द टाळते. संन्यासात घर, नातं, नाव सगळं मागे पडतं. इथे थेरासिया मागे पडली नाही. दोघांनी ब्रह्मचर्याचं व्रत घेतलं आणि भावा-बहिणीसारखं एकत्रच राहिले. पत्रं दोघांच्या नावाने जात: ‘पॉलिनस आणि थेरासिया, पापी’ अशी सही. जमीन विकण्याच्या निर्णयात तिच्या जमिनीही होत्या, म्हणजे तिची संमती ही नुसती औपचारिकता नव्हती. ऑसोनियसचा राग तिच्यावर निघाला त्यावरून तिचं वजन किती होतं हेही कळतं. पाचव्या शतकाच्या पहिल्या दशकाच्या अखेरीकडे ती वारली. पॉलिनस नोलाचा बिशप झाला तोही त्याच सुमारास.

394 च्या नाताळात बार्सिलोनामध्ये एक गोष्ट त्याच्या मनाविरुद्ध घडली. लोकांनी चर्चमध्ये त्याला धरलं आणि बिशप लँपियसला भाग पाडून पाद्री करायला लावलं. श्रीमंत माणूस आपल्या गावच्या चर्चला मिळावा हा त्यातला उघड हेतू. पॉलिनसने एका अटीवर मान तुकवली: मी या गावच्या चर्चला बांधलेला राहणार नाही. त्याचं ठिकाण ठरलेलं होतं. पुढच्याच वर्षी तो आणि थेरासिया इटलीला निघाले. वाटेत रोममध्ये पोप सिरिसियसने त्याला लांबच ठेवलं, याचं दुःख त्याने मित्राला लिहिलेल्या पत्रात आहे.

ठिकाण होतं नोला. नेपल्सपासून तीसेक किलोमीटरवर, व्हेसुव्हियसच्या मागच्या बाजूला. गावाबाहेरच्या दफनभूमीत फेलिक्सचं थडगं होतं. आज त्या जागेला चिमिटिले म्हणतात, नावातच दफनभूमी आहे. फेलिक्स हा तिसऱ्या शतकातला नोलाचा पाद्री. छळाच्या काळात त्याने हाल सोसले, पण तो मारला गेला नाही. पॉलिनस सांगतो की शिपाई मागावर असताना तो एका पडक्या भिंतीच्या फटीत लपला, कोळ्याने तोंडावर जाळं विणलं, आणि इथे कोण असणार म्हणून शिपाई निघून गेले. ही कथा लोकांना आवडते. मला त्यापुढची जास्त महत्त्वाची वाटते. छळ संपल्यावर फेलिक्सला जप्त झालेली वडिलोपार्जित मालमत्ता परत मागता आली असती. लोकांनी आग्रह केला. त्याने मागितली नाही. तीन युगेरा जमीन, म्हणजे आपले दोन एकरही नाहीत, खंडाने घेऊन तो स्वतःच्या हाताने भाजीपाला पिकवत राहिला. आता ही ओळ लिहिणारा कोण आहे ते आठवा: ज्याच्या इस्टेटीपर्यंत जप्तीवाला येऊन परतला होता तो. त्याने हा संत का निवडला, हे मला इथे कळतं.

नातं जुनं होतं. लहानपणीच तो या थडग्यापाशी येऊन गेला होता. तरुणपणी पहिली दाढी काढली ती त्याने फेलिक्सपुढे अर्पण केली. आणि राज्यपाल असताना त्याने दोन कामं करवून घेतली: थडग्याकडे जाणारा रस्ता फरसबंद करवला आणि त्याच्या कडेने गरिबांना आसरा म्हणून लांबलचक छप्पर उभारलं. अधिकारी गावात आला की देवस्थानाचा रस्ता करून देतो, इतकीच ती गोष्ट तेव्हा असेल. पुढे त्याच छपरावर मजला चढला. खाली गरीब आणि आजारी लोक, वरच्या खोल्यांत पॉलिनस आणि त्याच्याबरोबर राहणारी मंडळी. पूर्वी फाइलवर सही करून ज्या इमारतीचं काम काढलं तिच्यातच तो पुढची पस्तीस वर्षं राहिला.

स्पेनमधून निघण्याआधी, जानेवारी 395 साठी, त्याने फेलिक्सच्या सणानिमित्त पहिली कविता लिहिली. 14 जानेवारी हा तो सण. त्यात त्याचं मागणं असं आहे: तुझ्या दाराशी चाकरी करू दे, सकाळी उठून तुझा उंबरठा झाडू दे, रात्री राखण करू दे. दुय्यम कॉन्सल आणि प्रांताचा माजी राज्यपाल झाडूवाल्याची जागा मागतो आहे, तीही एका मेलेल्या खेडवळ पाद्र्याकडे. रोमन समाज आश्रयदाता आणि आश्रित या नात्यावर उभा होता. सकाळी उठून पॉलिनसच्या दाराशी लोक यायचे. आता तो कुणाच्या तरी दाराशी उभा होता. पुढे दर वर्षी त्याच दिवसासाठी तो एक कविता लिहीत राहिला.

संपत्तीचं काय? वाटली, हे खरं. पण एका दिवसात ओट्यावर बसून वाटली नाही. एवढ्या मोठ्या जमिनी विकायला वर्षं लागतात, आणि विकत घेणाराही तेवढाच तालेवार लागतो. शिवाय सगळा पैसा थेट भिकाऱ्याच्या हातावर गेला असंही नाही. मोठा भाग नोलाला बांधकामांत गेला. 403 च्या सुमारास फेलिक्सच्या थडग्याला जोडून नवी भव्य बॅसिलिका, म्हणजे मोठं चर्च, उभी राहिली. आपला मित्र सल्पिसियस सेव्हेरस याला त्याने तिचं वर्णन पाठवलं, कमानींवरच्या लेखांसकट. हा सेव्हेरसही वकिली सोडून धर्माकडे वळलेला. भिंतींवर बायबलमधले प्रसंग रंगवून घेतले, आणि का ते सांगितलं: सणाला येणारे शेतकरी निरक्षर, रात्रभर खाणं-पिणं करत बसतात; चित्रं बघत बसले तर निदान पोटावरून डोळे उठतील. अबेल्ला या शेजारच्या गावाहून पाणी आणायचं ठरलं तेव्हा आपलं पाणी कमी होईल म्हणून नोलाचे लोक बिथरले. मग जुनी जलवाहिनी दुरुस्त करून तोडगा निघाला, आणि अबेल्लाच्या लोकांनी भर उन्हात डोंगरावर फुकट राबून ते काम केलं. हे सगळं वाचताना मला जुना राज्यपालच दिसतो. रस्ता, पाणी, इमारत, तंटा. कामं तीच, पण ती आता तो फेलिक्सच्या नावाने करत होता.

मग ‘त्याग’ खोटा का? त्याला स्वतःलाच लोकांनी केलेली वाहवा पटत नव्हती. सेव्हेरसला तो लिहितो: मल्ल कपडे उतरवतो तेव्हा कुस्ती जिंकत नाही, तेव्हा तर ती सुरू होते, नदी पोहून जाणारा कपडे काढतो म्हणजे पैलतीराला लागला असं नाही. जमीन देणं ही त्याच्या लेखी अंगरखा उतरवण्याइतकीच गोष्ट होती. ज्यांनी दिली त्यांच्यापैकी कुणी हे इतकं साफ बोललेलं मला दुसरीकडे फारसं आढळलं नाही.

शेतकऱ्यांबद्दल त्याने जे लिहिलं ते वाचण्यासारखं आहे. एका गरीब शेतकऱ्याचे दोन बैल रात्री चोरीला जातात. तो थेट फेलिक्सच्या थडग्यापाशी येतो आणि देवाशी भांडावं तसा भांडतो: बैल तुझ्या राखणीत होते, तूच झोपलास, तूच दे, चोर मला माहीत नाही, मी तुला धरणार. दारातून लोक त्याला बाहेर काढतात, तो घरी रिकाम्या गोठ्यात रडत पडतो, आणि रात्री बैल आपणहून दाराशी येऊन शिंगांनी धडका देतात. ऑसोनियसचा शिष्य हे षट्पदी वृत्तात, रोमन महाकवी व्हर्जिलच्या भाषेत सांगतो, आणि त्या माणसाला कुठेही हसत नाही. वीस वर्षांपूर्वी हाच शेतकरी त्याच्या न्यायासनापुढे आला असता तर तो एका वाक्यात निकाली निघाला असता.

410 मध्ये गॉथ टोळ्यांचं सैन्य नोलाला पोचलं. पॉलिनस पकडला गेला तेव्हा तो मनात काय म्हणत होता, ते त्याने पुढे आफ्रिकेतला बिशप ऑगस्टीन याला सांगितलं आणि ऑगस्टीनने लिहून ठेवलं: देवा, सोन्या-चांदीसाठी माझे हाल होऊ देऊ नकोस, माझं सगळं कुठे आहे ते तुला माहीत आहे. गावातल्या बाकी श्रीमंतांचे पुरलेल्या सोन्यासाठी हाल होत होते, हे ध्यानात घेतलं की या वाक्याचं वजन कळतं. 419 मध्ये पोपपदावर दोघांनी हक्क सांगितला तेव्हा दरबाराने निवाड्यासाठी म्हाताऱ्या पॉलिनसलाच आग्रहाने बोलावलं. राज्याने त्याला पुरतं सोडलं नव्हतं.

दोन सावधगिरीच्या सूचना. एका विधवेच्या मुलाला सोडवण्यासाठी तो स्वतः व्हँडल या जर्मन टोळीचा गुलाम होऊन आफ्रिकेला गेला, ही कथा पोप ग्रेगरीच्या लेखनातून आली आणि नोलाचा उत्सव तिच्यावरच उभा आहे. जूनमध्ये पंचवीस मीटर उंचीचे लाकडी मनोरे खांद्यांवर नाचवत नेतात तो हा उत्सव, 2013 पासून युनेस्कोच्या वारसा यादीत असलेला. उत्सव जरूर बघा, पण कथेला इतिहास मानू नका: व्हँडलांनी आफ्रिकेतलं कार्थेज घेतलं 439 मध्ये, पॉलिनस वारला 431 मध्ये. दुसरं, पेल्लाचा पॉलिनस हा वेगळा माणूस, ऑसोनियसचा नातू. अँब्रोजचं चरित्र लिहिणारा पॉलिनस आणखी तिसरा.

त्याच्या अखेरच्या दिवसांची हकिकत ऊरानियस नावाच्या पाद्र्याने लिहिली आहे. तो स्वतः खोलीत होता. 22 जून 431 च्या आधीचे ते दिवस. पोस्टुमियानस नावाचा पाद्री अंथरुणाशी येऊन हळूच आठवण करून देतो की गरिबांसाठी कपडे घेतले त्याचे चाळीस सॉलिडस, म्हणजे सोन्याची नाणी, व्यापाऱ्यांना द्यायचे आहेत. रोमन पौंडभर सोन्यातून बहात्तर सॉलिडस पडत, म्हणजे चाळीस म्हटलं तर जेमतेम एकशे ऐंशी ग्रॅम सोनं. ज्याची जमीन गुरूने ‘राज्य’ म्हणून मोजली त्याच्या घरात आता तेवढंही नव्हतं. पॉलिनस किंचित हसून म्हणतो, काळजी करू नकोस, गरिबांचं कर्ज फेडणारा कुणीतरी येईल. थोड्या वेळाने दक्षिण इटलीतल्या लुकेनियाहून एक पाद्री येतो, एका बिशपने आणि त्याच्या भावाने पाठवलेले पन्नास सॉलिडस घेऊन. पॉलिनस त्यातले दोन आणणाऱ्याच्या हातावर ठेवतो आणि बाकीच्यांतून व्यापाऱ्यांचं देणं चुकतं करायला सांगतो. मग संध्याकाळी, दिवेलागणीच्या प्रार्थनेच्या वेळी, झोपेतून जागा झाल्यासारखा हात पसरून तो हळू आवाजात स्तोत्रातली ओळ म्हणतो, माझ्या ख्रिस्तासाठी मी दिवा तयार ठेवला आहे. त्याच रात्री तो गेला.